कॅमेरा सुरू होण्याआधी

या, जवळ बसा. एका जीव टांगणीला लागलेल्या निर्मात्याची गोष्ट सांगतो. नागामिनेंनी तीस वर्षं जपानात भुताचे सिनेमे काढले. २००४ साली लॉस एंजेलिसमध्ये त्यांच्या पहिल्या अमेरिकन सिनेमाचा पहिला दिवस होता. जपानी रीतीनं शुद्धीची प्रार्थना झाल्याशिवाय ते कॅमेरा सुरू करू देईनात. पुजारी मात्र विमानतळावर अडकलेला. "दहा मिनिटांत शूटिंग, नाहीतर दुसरा निर्माता," स्टुडिओच्या साहेबानं बजावलं. येरझाऱ्या घालणाऱ्या नागामिनेंसमोर सेटवर कॉम्प्युटरचं काम बघणाऱ्या आपल्या मराठी देवदत्तनं संध्याकाळी देवळात न्यायला आणलेला नारळ धरला. "सर, आमच्याकडे मुहूर्ताला हा फोडतात. देव काय, ॲडजस्ट करून घेतो! फोडताना नाव कुणाचं घेऊ?" नागामिने येरझाऱ्या थांबवून म्हणाले, "ओकुदा. माझा लाइटमन. एकदाच घाईत मी प्रार्थना टाळली, आणि तो शिडीवरून पडून वारला." ओकुदाचं नाव घेऊन नारळ फुटला, कॅमेरा सुरू झाला. बाबांनो, पडद्यावर उजेड पडला की ओकुदाची आठवण ठेवा.