सभासद कोण?

"नवरा गेला म्हणून तुम्ही आपोआप सभासद होत नाही," असं सोसायटीचे सेक्रेटरी टिपणीस यांनी सावेबाईंना सहा वर्षांत पाचदा लेखी कळवलं. नियम म्हणजे नियम. शेवटी बाई सहकारी संस्थांच्या निबंधकांकडे गेल्या.

सुनावणीत निबंधकांनी टिपणीसांचंच शेअर सर्टिफिकेट मागितलं. त्यावर नाव वडिलांचं होतं आणि वडिलांना जाऊन एकोणीस वर्षं झाली होती.

"मग तुम्ही कोण?"

टिपणीसांना हा प्रश्न फारच उद्धट वाटला.

बाई सभासद झाल्या. दुसऱ्याच दिवशी टिपणीस सभासदत्वाचा कोरा अर्ज घेऊन त्यांच्या दारात उभे राहिले. असले अर्ज भरण्याचा दांडगा अनुभव इमारतीत बाईंनाच होता.

"वडिलांनी नॉमिनेशन केलं होतं?" बाईंनी विचारलं.

"नाही."

"मग वेळ लागेल," म्हणत बाई चहा ठेवायला आत वळल्या.