बाकावरची एक

बाबांनी गालात कापसाचा बोळा कोंबला, गॅलरीचं दार ओढून घेतलं आणि लेकीला फोन लावला. म्हणजे लेकीच्या रेडिओ केंद्राला. ती तिथे रोज सकाळी ‘बोला, ऐकतोय’ हा कार्यक्रम करायची. गावातला एखादा विषय घ्यायचा आणि लोकांनी फोनवरून मत मांडायचं, अशी कल्पना. कल्पनेत खोट काहीच नव्हती, फक्त लोक फोन करत नव्हते.

करायचे ते बाबा. कधी शिंपी होऊन, कधी प्राध्यापक, कधी दोन मुलांची आई. उभा जन्म टपाल खात्यात काढलेल्या या गृहस्थांनी निवृत्तीनंतर जितके व्यवसाय बदलले, तितके साऱ्या गावात कोणी बदलले नसतील. लेकीला हे कळत असणारच. तिने कधी विचारलं नाही, त्यांनी कधी सांगितलं नाही.

पण आदल्या दिवशी जेवताना तिने सांगून टाकलं होतं, की साहेब आजचा एक दिवस बघणार आणि मग कार्यक्रम बंद करून त्या वेळात गाणी लावणार. साहेबांचं म्हणणं, येतात ते चार फोनही नुसते माना डोलावणारे. भांडण नाही तर ऐकायचं कोणी? हे सांगताना लेक ताटातच बघत होती. बाबांना पुढचा घास गेला नाही.

म्हणून आज ते निवृत्त ट्रकड्रायव्हर झाले होते, आणि तेही तिरसट. आजचा विषय होता, चौकातली बाकं पालिकेने काढावीत का.

“काढाच,” बाबा कापसाआडून गुरगुरले. “रहदारीला अडचण नुसती. आणि बसतं कोण तिथे? बाजाराच्या पिशव्या मांडीवर घेऊन बायका बसतात, तासतासभर चकाट्या पिटत. त्यांना घरी कामं नाहीत का?”

पलीकडून लेक अगदी सभ्यपणे म्हणाली, “आभारी आहे, काका. आपलं मत स्पष्ट आहे.”

बाबांनी फोन ठेवला आणि ते स्वतःवरच खूश झाले. आता दहा मिनिटांनी प्राध्यापक होऊन या ड्रायव्हरची हजेरी घ्यायची, असा बेत होता. बोळा काढून ते बाहेरच्या खोलीत आले. फळीवरच्या रेडिओवर जाहिरात चालू होती. ती संपली आणि लेक म्हणाली, “आपल्यासोबत एक काकू आहेत. काकू, आपलं नाव?”

“नाव राहू दे. बाकावरची एक, एवढंच म्हण.”

आवाज रेडिओतून आला आणि स्वयंपाकघरातूनही आला. बाबा होते तिथेच उभे राहिले.

“त्या ड्रायव्हरना सांगायचंय,” आई म्हणत होती. “बाजारातून घर एका दमात गाठायला माझे गुडघे तयार नसतात. म्हणून बसते. आणि बसलं की बोलणं होतंच. आमच्या आळीला पाणी का येत नाही, ते पेपरात कुठे आलं होतं? आम्हाला बाकावर कळलं. मग आम्ही चौघी पालिकेत गेलो. साहेब भेटेनात, तर तिथल्याही बाकावर बसून राहिलो. पाणी आलं ते त्यानंतर. त्याला चकाट्या म्हणायचं असेल तर खुशाल म्हणा.”

बाबा रेडिओकडे बघत राहिले. पाणी सुटलं त्या दिवशी त्यांनी पालिकेचं तोंड भरून कौतुक केलं होतं, आणि ही मुकाट्याने बादल्या भरत होती. पालिकेत गेली कधी ही? त्यांना मनापासून लाज वाटली, आणि त्याहून जास्त अभिमान वाटला. हे तिला आत्ताच्या आत्ता सांगावं असं त्यांना वाटलं, पण ती तर रेडिओवर बोलत होती.

“काकू,” लेकीचा आवाज जरा ओला झाला होता, “ते ड्रायव्हरकाका ऐकत असतील तर त्यांना काय सांगाल?”

“संध्याकाळी या म्हणावं बाकावर. सरकून जागा करू आम्ही.”

पुढचा फोन बाकावरच्याच दुसरीचा होता. तिने तर ड्रायव्हरची सालटी काढली. मग कोणी खराखुरा रिक्षावाला आला आणि त्याने ड्रायव्हरची बाजू घेतली. बाकामुळे वळताना त्याला खरंच त्रास व्हायचा. त्याला उत्तर द्यायला औषधाच्या दुकानातून फोन आला. एकाचं संपायच्या आत दुसरा रांगेत, असं सुरू झालं. लेक घाईघाईने सगळ्यांना थोडक्यात बोलायला सांगत होती. इतक्या दिवसांत तिला हे वाक्य कधी लागलंच नव्हतं.

बाबांनी पुन्हा फोन उचलला. या वेळी कापूस नाही, प्राध्यापकही नाही. बाकं राहिली पाहिजेत, आणि मघाशी काहीतरी चुकीचं बोलून गेलो, एवढं त्यांना स्वतःच्या नावाने सांगायचं होतं. लाईन व्यस्त होती. त्यांनी परत लावला, परत व्यस्त.

आई हात पुसत बाहेर आली. “काय हो ड्रायव्हर, लागत नाही का?”

बाबांनी फोनचा स्पीकर चालू केला आणि फोन दोघांच्या मध्ये धरला. टूं, टूं, टूं. आई नीट ऐकता यावं म्हणून थोडी जवळ सरकली, आणि फोन बंद करावा असं दोघांपैकी कोणालाच वाटेना.