कापणीची रजा

महाडच्या औद्योगिक वसाहतीत शिफ्टा करून करून सुनील पार पिचून गेला होता. घरी आला की तो मुलीच्या कन्सोलवर शेतीचा गेम लावून बसायचा; ट्रॅक्टर फिरवता फिरवता डोकं जरा शांत व्हायचं. वर्षभर खपून त्याने त्यात चाळीस एकर रान उभं केलं होतं.

"बाबा, तुमचा हा गेम शुक्रवारी जातोय," मुलगी सेजल म्हणाली. "आपण महिन्याची वर्गणी भरतो, म्हणून काही गेम आपले होत नाहीत. त्यांनी यादीतून काढला की उघडायचाच बंद होतो."

आणि गहू तर कापणीला आलेला. सुनीलने सुपरवायझरला फोन लावला. "साहेब, घरची कापणी आहे, दोन दिवस येत नाही." आपण खोटं बोललो, असंही त्याला वाटलं नाही.

गुरुवारी संध्याकाळी शेवटची ट्रॉली कोठारात रिकामी करून त्याने पाठ टेकली, तोच गावाहून, कुडपणहून, वडिलांचा फोन आला.

"सुनील, नाचणी उभी हाय रे. दोन दिवस रजा गावंल का?"

"नाय आबा. कंपनी सोडत नाय."

"बरं, ऱ्हाऊ दे. मी नि तुझी आय कापू जमंल तशी."

आबा फोन ठेवतील असं वाटलं, पण ते पुढे बोलले.



"पुढल्या सालापासून नाय लावणार, आता होत नाय माझ्याच्यानं. शेवटची कापणी हाय, म्हणून म्हटलं, तू असतास तर बरं झालं असतं."