दोन नंबरचा पंप

पडद्यावरची मधली रेघ एकदम सरळ झाली आणि पोरीचा चेहरा उतरला.

दारं उघडायला वीस मिनिटं उरली होती. पडद्यावर प्रकाशाच्या तीन रेघा. स्पीकरमधून जसा आवाज निघेल तशा थरथरायच्या. आवाजही तिचा, चित्रंही तिचीच. सहा महिने लॅपटॉपसमोर मान मोडून केलेलं काम, पहिलाच मोठा हॉल, आणि ऐन वेळी मधली रेघबाई ढिम्म हलेना.

तिनं लॅपटॉप बंद करून चालू केला. वायर उपसून पुन्हा खोचली. छे!

"माझ्याकडून सगळं ओके आहे हं," साउंडवाला आपल्या टेबलामागून म्हणाला.

शेवटच्या रांगेत तिचे बाबा हाताची घडी घालून पेंगत होते. पाणीपुरवठ्यातले निवृत्त पंप ऑपरेटर. लेकीच्या संगीताला ते उघड उघड 'खडखडाट' म्हणायचे. आज आईनं पिच्छा पुरवला म्हणून आले होते. डोळेसुद्धा न उघडता ते म्हणाले, "दोन नंबरचा पंप बंद पडलाय."

"काय?"

"तीन चालू होते. ज्याचं बेअरिंग कुरकुरत होतं तो गेला मघाशी."

पोरगी बघतच राहिली. बाबांचं जुनं पंपहाउस पाडायच्या आधी तिनं गुपचूप जाऊन तिन्ही पंप रेकॉर्ड केले होते, एकेका रेघेला एकेक. मग तो आवाज ताणला, कापला, उलटा फिरवला. कुणाच्या बापाला ओळखू येणार नाही, असं तिला वाटलं होतं. बाबांना तर बोललीच नव्हती. हसले असते.

ती साउंडवाल्याकडे वळली. "दादा, तुम्ही काही काढलंत का?"

"ती कुरकुर ना? मला वाटलं स्पीकर गेलाय. साफ करून टाकली."

"अहो, परत आणा ती आधी!"

कुरकुर परत आली. मधली रेघ टुणकन उठली आणि बाकीच्या दोघींबरोबर नाचायला लागली.

बाबा आता ताठ बसले होते. डोळे भरले होते, पण मान ठेक्यात डोलत होती. "शाब्बास!" ते म्हणाले. पंपाला म्हणाले की लेकीला, कोण जाणे. लेकीनं ते स्वतःकडेच ठेवून घेतलं.

साउंडवाल्यानं कानावरचे हेडफोन काढले. "काका, तुम्हीपण संगीतातलेच का?"

बाबांनी कॉलर नीट केली.

"म्हणजे काय! अठ्ठावीस वर्षं, तिन्ही पाळ्यांत रियाज केलाय."