सत्तावीस ठिपके

सुश्रुत हे लिहून ठेवणारच नव्हता. स्वतःची फजिती कोण लिहितं? पण झालं ते असं.

"हे सत्तावीस ठिपके कसले?" झल्मयनं स्क्रीनवर बोट ठेवून विचारलं.

"बॉम्बचे खड्डे." सुश्रुतची छाती जरा फुगलीच. उपग्रहाच्या फोटोवरून त्यानं एकेक मोजला होता.

नेदरलँड्समधल्या झूटरमेरच्या घरात, किचनच्या टेबलावर लॅपटॉप उघडा होता. दुसऱ्या दिवशी संध्याकाळी लायब्ररीत त्याचं पहिलं व्याख्यान. विषय, अफगाणिस्तानातला चोरा जिल्हा, त्याचा भूगोल आणि तिथल्या लढाया. नाव ऐकून हसू नका, तसंच आहे. डच सैन्य त्या भागात काही वर्षं होतं, त्यामुळे ऐकायला निवृत्त सैनिकही येणार होते. सुश्रुत ना सैनिक, ना इतिहासाचा पदवीधर. जुन्नरचा गडी. बायकोच्या नोकरीमागे इथं आला, गोदामात लागला आणि दोन वर्षं जेवण झालं की नकाशे घेऊन बसला. गोदामात त्याच्याबरोबर फोर्कलिफ्ट चालवणारा झल्मय चोऱ्याचा. म्हणून त्याला मुद्दाम घरी बोलावलं. खरं तर शाबासकी हवी होती.

झल्मयनं चहाचा कप खाली ठेवला आणि जो हसत सुटला!

"सगळे एका ओळीत? सारख्या अंतरावर? पायलट काय टेप लावून बॉम्ब टाकत होता?" सिनेमे बघून शिकलेलं त्याचं हिंदी हसताना आणखीच रंगायचं.

"मग काय आहे ते?"

"विहिरी आहेत, शहाण्या. खालून बोगदा जातो. डोंगरातलं पाणी त्यातून शेतापर्यंत येतं. आत उतरून गाळ काढायला ही तोंडं. त्यातलं पाचवं माझ्या आजोबांनी खणलंय."

सुश्रुतचे कान तापले. त्यानं घाईघाईनं नकाशा पुढं सरकवला. "बरं, पण हा किल्ला बघ."

"कुणाचं तरी घर आहे."

"अरे, तटबंदी आहे!"

"तिकडं प्रत्येक घराला अशीच उंच भिंत असते. तुला डोंगर दिसला की किल्ला दिसतो."

सुश्रुतनं लॅपटॉपच त्याच्याकडं ढकलला. "उद्या तूच बोल बाबा. तू तिथला. माझी अब्रू तरी वाचेल."

झल्मयचं हसू थांबलं.

"मी तिथला? मी रॉटरडॅमला जन्मलो. चोरा मी आज पहिल्यांदा बघतोय. हे सगळं बाबांनी सांगितलेलं."

झल्मय बोटानं विहिरी मोजत वर गेला, मग उजवीकडं वळला. नखाएवढ्या एका छपरावर बोट थांबलं. बराच वेळ त्यानं ते उचललं नाही.

"मग बाबांना आण ना उद्या," सुश्रुत हळूच म्हणाला.

"ते नाही यायचे. अशा एका व्याख्यानाला एकदा गेले होते. परत आल्यावर म्हणाले, आमच्या गावात लढायांशिवाय काही घडलंच नव्हतं का?"

सुश्रुतनं 'बॉम्बचे खड्डे' ही अक्षरं पुसली. मग भाषणाची चौदा पानं उचलली आणि टेबलाच्या खणात टाकली.

"काकांना म्हणावं, उद्या मी बोलणार नाही. तुम्ही बोला."

"तू? आणि गप्प बसणार?"

"शब्द देतो तुला. ते बोट ठेवतील तिथं नकाशा मोठा करीन. बाकी तोंडातून चकार शब्द नाही."