बाबांचा कप

आमच्या गावच्या हॉटेलात बौद्धांचा कप वेगळा असायचा, त्यावर मी डॉक्युमेंटरी केली. त्यात माझे बाबा तेव्हाची रीत करून दाखवताना चहा पिऊन आपला कप स्वतः धुतात आणि बाहेर खिळ्याला अडकवतात, तिथे फेस्टिवलातले परीक्षक डोळे पुसायचे आणि वर म्हणायचे, "पण फिल्मला शेवट नाही."

यंदा बालाघाटहून प्रोजेक्टर आणून ती गावातच दाखवली. तोच प्रसंग आला तशी शेजारची चौथीतली आस्था बाबांकडे वळली. "आबाजी, तुमी हॉटेलात नोकरीले होते का? कप काहून धुऊन राह्यले?"

मी समजावायला उठले. बाबांनी हसत माझा हात धरला.

"सांगजो मंग. पह्यले कॅमेरा काढ अन् हिले हेच परत इचारू दे. भेटला तुह्या पिच्चरचा शेवट."