नवव्या जगातली पात

वनमालाने विळा मारला, ज्वारीची चार ताटं मुठीत आली, आणि बांधावरून सुंदरराव ओरडले, "बाई, ही बारावी फेरी हाय! आता तरी पात सोडा!"

चकलांब्याच्या शिवारात सकाळी चकवा पडला होता. वाट चुकवणारा साधा चकवा नव्हे, वेळ चुकवणारा. जगं नऊ आहेत, आणि हा चकवा पडला की नऊही जगांत एकाच शिवारात पडतो, हे इथल्या शेंबड्या पोरालाही ठाऊक असतं. हवा थरथरायला लागली की हातातलं काम टाकून पळायचं, हेही ठाऊक असतं. जो मागे राहील त्याला तो कामासकट धरतो. बाकीच्या बाया विळे टाकून पळाल्या. वनमाला म्हणाली, "एवढी पात उरकते अन् आलेच," आणि अडकली.

फेरी पाव तासाची. तेवढ्यात आपली पात, म्हणजे बांधापासून बांधापर्यंतची पट्टी, कापून झाली तर सुटका. नाही झाली, की कापलेली ज्वारी पुन्हा उभी, आणि बाई पुन्हा पहिल्या ताटापाशी. शीण मात्र अंगात तसाच. पहिल्या फेरीत पळणाऱ्या बायांना हसण्यात वनमालाचा वेळ गेला आणि पात दहा पावलं राहिली. ते हसू तिला महागात पडलं. पुढे प्रत्येक फेरीला हात जड होत गेला आणि उरलेली पावलं वाढत गेली. बारा फेऱ्यांत नऊ जगांतली एक जरी पात राहिली, तरी चकवा नऊही शिवारं गावांसकट गिळतो.

सुंदरराव तालुक्याहून आलेले, चकव्याच्या पथकातले जुने माणूस. त्यांनी शेताला दोरी बांधली होती आणि दोरीबाहेरून ते फेऱ्या मोजत होते.

"दोरीवरून उडी मारा," ते म्हणाले. "दुसऱ्या कुठल्या जगात पडाल, पण तिथून शिवाराबाहेर पळून जित्या ऱ्हाल."

"अन् गाव?"

सुंदररावांनी मान खाली घालून दोरीची गाठ आवळली.

"मग सोडा कावून म्हनता? माझी तेजश्री घरात अडलीय. सुईण बसलीय तिच्याजवळ. तिला कुठं हलवता? पात टाकून पळालेल्या बाईनं नातवंडाचं तोंड कोणत्या तोंडानं बघायचं, सायेब?"

बोलतानाही तिचा विळा थांबला नव्हता. तीस वर्षांत वनमाला कधी कुणाच्या मागे राहिली नव्हती, आणि हे ती चारचौघींत सांगायलाही कमी करत नसे. गावात रीत होती, जिची पात आधी उरकेल तिने मागे राहिलेलीची पात पलीकडच्या टोकाने कापत सामोरं यायचं. वनमाला चतुराबाईला सामोरी गेली होती, शांतादेवीला गेली होती, सगळ्या गावाला गेली होती. जाताना तोंडाने टोमणेही मारले होते. तिला सामोरं यायची पाळी मात्र तिने कुणावर येऊ दिली नव्हती.

बाकीच्या आठ जगांतल्या आठ वनमाला आता काय करत असतील, असं तिच्या मनात आलं. पळाल्या असतील, तिने ठरवून टाकलं. त्यांच्यात कुठला आलाय एवढा दम!

वर पाहिलं तर अजून चाळीस पावलं उभी ज्वारी होती. फेरी संपायला चार मिनिटं. तिने दहा पावलं ओढली. मग बोटं वळेनात. विळा निसटून मातीत पडला, तो तिने उचलला, पुन्हा पडला. वनमालाला रडू फुटलं. मरणाचं नव्हे. मागे राहिल्याचं.

तेवढ्यात समोरून आवाज आला. खर्र, खर्र, खर्र.

"कोन हाय?" ती ओरडली.

उत्तर आलं नाही. पात धरलेली बाई मान वर करून बोलत बसत नाही. ज्वारीपलीकडे वाकलेली एक पाठ दिसली, तिच्यामागे दुसरी, मग तिसरी. खोचलेले पदर, सपासप चालणारे हात. वनमालाने विळा दोन्ही हातांनी धरला आणि दात-ओठ खात उरलेल्या ज्वारीवर चालवला. इकडून एक पाऊल, तिकडून चार. मध्ये एकच ताट राहिलं. त्यावर दोन विळे एकदम पडले.

हवा थरथरायची थांबली. सुंदरराव दोरी सोडायला निघाले.

समोरची बाई कंबर धरून सरळ झाली. चेहरा वनमालाचाच होता. मागच्या सगळ्यांचाही. एकीचा पुढचा दात पडलेला, एकीचे केस जास्त पिकलेले, पण नाक तेच आणि त्यावरचा ताठाही तोच.

"आमच्या आठीजणींची पात पहिल्याच फेरीत उरकली," ती म्हणाली. "सुटलो व्हतो आमी. पन बारावी फेरी लागली तरी हवा थरथरतच व्हती, तवा कळलं तुझी ऱ्हायली हाय, अन् मारली दोरीवरून उडी. चल, दोरी सुटायच्या आत उडी मारून जातो आता. घरी आमच्याबी लेकी अडल्यात."

कुणाच्या मागे कधीच न राहिलेली वनमाला नऊ जगांत शेवटची निघाली होती. आणि आपल्याला सामोऱ्या आलेल्या त्या आठही वनमालाच होत्या, या अभिमानाने तिचा ऊर भरून आला.